काकी, तुझा नारळ मी फोडला

माझं नाव पुकारलं काकी, आणि तू जागेवर नव्हतीस!

बाकड्यावर तुझी पिशवी, पिशवीवर तुझा चष्मा, आणि तू गायब. आतून शिपाई ओरडतोय, साक्षीदार रेश्मा, साक्षीदार रेश्मा कोण आहे, आणि लगेच तुझं नाव, आरोपी इंदुमती हजर आहे का. पोरगी कडेवर किंचाळतेय, माझं मंगळसूत्र तिने तोंडात घातलेलं, आणि आई भिंतीला टेकून पदर चावतेय. वकील धावत आले, आरोपी कुठाय, जज मॅडम वॉरंट काढतील! मी बोलले आत्ता इथे होती हो, आत्ता पोरीला काजळ लावत होती. तुझा मुलगा नित्या जिन्यावरून खाली पळाला. आणि मी तुझा चष्मा हातात धरून मोठ्याने ओरडले, काकी! अख्खं कोर्ट वळून बघायला लागलं. तुला माहितेय ना मी कशी आहे, पोस्टमन आला तरी मला धडकी भरते. आणि त्या दिवशी मी कोर्टात ओरडले.

तू गेटवर होतीस. देवाला गाऱ्हाणं घालायचं राहिलं म्हणून नारळ घेऊन परत खाली गेलेलीस. गेटवरच्या वॉचमनशी भांडून झालं होतं तुझं, मग कट्ट्यावर बसलीस ती बसलीसच. नित्याला दिसलीस तेव्हा घामाने भिजलेली, नारळ मांडीवर, आणि त्याला काय बोललीस तर, "पुकारो झालो काय रे?"

आपली गोष्ट लोकांना सांगायला गेलं की लोक डोकं धरतात. साक्षीदार आहे सांगितलं की विचारतात तू कोणाच्या बाजूची? आता काय सांगू. केस माझ्या आईने केलेली. आरोपी माझी सासू, म्हणजे तू. साक्षीदार मी. कोर्टाच्या पॅसेजमध्ये कोणी नवीन वकील आला की तूच ओळख करून द्यायचीस, "ही फिर्यादी, मी आरोपी, आणि ही आमची दोघींची."

मी सहावीत होते तेव्हा. आपल्या मरोळच्या चाळीचा स्लॅब, त्यावर आईचे उडदाचे पापड वाळत घातलेले, आणि बाजूला तुझा जवळा, ती बारीक सुकी कोळंबी. वाऱ्याने तुझं फडकं उडालं आणि जवळा पापडांवर. आईचा गुरुवार! मी टाकीमागे बसून पापडाच्या पिठाच्या लाट्या चोरून खात होते, म्हणून मला सगळं दिसलं. आई फडकं खेचतेय, तू फडकं खेचतेयस, ती तुला घाणेरडी बोलतेय, तू तिला घाटीण बोलतेयस. मग तू बोललीस "घे गो बाय तुझ्या नवऱ्याच्या डोक्यार घाल" आणि फडकं सोडून दिलंस. आई मागे गेली ती टाकीच्या कोपऱ्यावर. कपाळ फुटलं. रक्त बघून सगळ्यात आधी तूच रडायला लागलीस.

पण चाळीत शहाणे कमी नाहीत ना. कोणीतरी आईला बोललं, नुसतं पडले सांगितलंस तर चौकीत कोण लिहून घेणार, हत्यार सांग. आईच्या डोक्यात राग, कपाळावर रुमाल, ती बोलून गेली, इंदूने विळी मारली. झालं. पोलिसांनी तुझ्या घरातनं विळी उचलून नेली. तुझ्या सासूची विळी, पुढे नारळ खवायची चकती असलेली. त्या विळीवर रक्त कुठलं, सकाळचं खोबरं चिकटलेलं होतं. मी सांगायला गेले तर मोठी माणसं बोलली लहान पोरं मध्ये बोलत नाहीत. आणि कागदावर माझं नाव साक्षीदार म्हणून लिहिलं गेलं.

मग तारखा. तारीख, तारीख, तारीख. सुरुवातीला बाकड्याच्या एका टोकाला आई आणि एका टोकाला तू, मधे मी आणि नित्या दोघींच्या पिशव्या धरून. तू डबा उघडलास की आई नाकाला पदर लावायची. तू मुद्दाम जास्त वेळ उघडा ठेवायचीस, खोटं नको बोलूस. मग एक दिवस आईला उपाशी चक्कर आली. पुढच्या तारखेला तू घावणे आणलेस आणि काळ्या वाटाण्याचं सांबारं, आणि डबा सरकवलास. "शाकाहारी आसा. खा. इख घालूक नाय." आईने इकडे बघितलं तिकडे बघितलं आणि खाल्लं. तेव्हापासून दोघी एका रिक्षात कोर्टात. फिर्यादी आणि आरोपी एका रिक्षात! रिक्षावाला विचारायचा कुठली केस, तर तू सांगायचीस "हिका मी मारलंय म्हणतत" आणि आई बोलायची "मारलं नाही तर काय, डोकं बघा" आणि मग दोघीच हसत सुटायच्या.

भांडण मिटलं पण केस मिटेना. वकील बोलले कलम असं लागलंय की तुम्ही दोघींनी इथे मिठी मारलीत तरी ह्या कोर्टात मिटत नाही, वरच्या कोर्टात जावं लागेल. तू विचारलंस वरचा कोर्ट खय? ते बोलले फोर्टला. "म्हणजे परत नवीन बाकडा? नको."

आणि त्या बाकड्यावरच माझं आणि नित्याचं जमलं. तुला आधी कळलं की आईला, हे तुम्ही दोघींनी कधी कबूल केलं नाही. वकिलांनी कपाळावर हात मारला, केस चालू असताना लग्न? तू बोललीस, "मगे काय निकालाची वाट बघूया? पोरा म्हातारी होतली." आईने रुखवतात उडदाचे पापड ठेवले होते आणि तू आल्यागेल्या प्रत्येकाला हात धरून दाखवत होतीस, "ह्येच ते पापड! ह्यांच्यावरनाच केस पडली माझ्यार!" आई एवढी लाजली, एवढी हसली. मी तशी तिला आधी कधीच बघितली नव्हती, खरंच सांगते.

लग्न झालं तरी मी तुला काकीच बोलायचे, आई बोलायला जीभच वळली नाही, आणि तू पण कधी बोलली नाहीस की म्हण. मला नववीतून काढलेलं, त्याचा तुलाच राग जास्त. बॅंकेत फॉर्म भरायला मला पुढे ढकलायचीस आणि मागून पाठीत बोट, "बोल गो, खाणार नाय तुका." पोरगी झाली तर पहिल्या दिवशी तिला बोललीस "काय गे म्हातारे, इलंस?" आणि तेच नाव पडलं तिला. अजून चाळीतली पोरं तिला म्हातारी बोलतात.

मग ते आलं बातम्यांमध्ये, वरच्या कोर्टाने खालच्या कोर्टांना सांगितलं की जुन्या फौजदारी केसेस आधी संपवा, ताटकळत ठेवू नका. नित्याने फोनवर वाचून दाखवलं तर तू तीन तीनदा वाचायला लावलंस. जी तारीख सहा सहा महिन्यांनी यायची ती पंधरा दिवसांनी यायला लागली. बाकड्यावर जागा मिळेना. वकील धावतायत, शिपाई घामाघूम, मॅडमच्या टेबलावर एवढे गठ्ठे की नुसते डोक्यावरचे केस दिसायचे त्यांचे. पाणी प्यायला मान वर नाही. सगळे चिडलेले आणि तू एकटी त्यांची बाजू घेतेयस. "बिचाऱ्या बायचे हात बघ गो. वरची सासू बोलता आवर, आवर, आवर. खालची सून दोन हातांनी किती आवरतली?" मी बोलले काकी, तुझ्या तोंडी सुनेची बाजू? तर मला चिमटा काढलास.

पण खुशीत होतीस तू. ठेवणीतली साडी काढलीस, इस्त्री करून घेतलीस. म्हातारपणी लग्न ठरल्यासारखी घाई चाललेली तुझी. आणि मी मात्र झोपेतून उठायचे दचकून, कारण समन्स आलं होतं माझ्या नावाचं. आता मला पिंजऱ्यात उभं राहून सांगायचं होतं.

त्यावरून किती भांडलो आपण! वकील बोलले सोपं आहे, साक्षीदाराने म्हणायचं लहान होते, आठवत नाही. संशयाचा फायदा मिळून काकी सुटेल. नित्या बोलला हां, तेच कर. आई बोलली तेच कर. मला पण ते बरं वाटलं, कोणाला काही व्हायला नको. तू ऐकशील तर ना.

"संशयाचो फायदो कित्या घेव? माझ्यार संशय रवतलो मगे."

"अगं पण सुटशील ना तू काकी!"

"तशी सुटान मी काय करू? म्हातारी उद्या शाळेत जातली, तिका कोणी सांगतला तुझ्या आजयेन विळी मारल्यान. मी मारूक नाय. माका तेवढाच व्हया. बाईन त्या खुर्चीवरना बोलूक व्हया, इंदुमतीन मारूक नाय."

"मग आईचं काय? ती खोटं बोलली असं होईल. तिलाच पकडलं तर?"

तिथे तू पदराने चष्मा पुसायचीस. मग परत म्हणायचीस तू खरा सांग, पुढचा मी बघतंय. आईला तू स्वतः एकदाही बोलली नाहीस की खरं सांग. इतकी वर्षं एका रिक्षात बसलीस, एकदाही नाही. मी विचारलं का, तर बोललीस, "ती घाबरट आसा. तुझ्यासारखीच."

त्या दिवशी सकाळी आई माझी वेणी घालत होती. लग्न झालेल्या पोरीची कोण वेणी घालतं, पण ती आली होती कंगवा घेऊन. घालता घालता बोलली, रेश्मा, आठवत नाही म्हण गं. माझ्याच्याने तुरुंगात राहवणार नाही. वेणी वाकडी आली. खरं सांगते काकी, माझं नाव पुकारलं तेव्हापर्यंत मला माहीत नव्हतं मी काय सांगणार आहे. माझ्या एका बाजूला तिचा कंगवा आणि एका बाजूला तुझं बोट पाठीत.

आणि तू नारळ घेऊन गेटवर.

तुझं ते गाऱ्हाणं! आपल्यात पुरुष घालतात गाऱ्हाणं, चार माणसं मागे उभी राहून व्हय म्हाराजा म्हणतात. तुला कोण पुरुष विचारणार. प्रत्येक तारखेला गेटबाहेरच्या पिंपळाखाली उभी राहायचीस, हात जोडून खणखणीत आवाजात, बा देवा म्हाराजा, ह्या कोर्टात जी काय गरीब माणसा इलेली असत त्यांका न्याय मिळांदे, आमच्या केसचो काय तो सोक्षमोक्ष होवंदे, त्या बाईच्या हाताक बळ येवंदे. पहिल्यांदा मी लाजून मेले होते. नंतर तो टायपिंगवाला म्हणायला लागला व्हय म्हाराजा, मग सॅंडविचवाला, मग झेरॉक्सचा भैया पण शिकला. एकदा दुसऱ्याच केसमधला एक बेड्या घातलेला माणूस गाडीतून उतरता उतरता बोलला व्हय म्हाराजा, आणि त्याच्याबरोबरचा हवालदार हसला. फक्त आई म्हणायची नाही. ती बाजूला उभी राहून पिशवीत काहीतरी शोधत बसायची.

त्या दिवशी गेटवरून तुला थेट हॉस्पिटलमध्ये नेलं, हार्ट अटॅक होता, आणि तिथे पण तू गप्प बसायला तयार नाहीस. नळ्या लावलेल्या, आणि मला जवळ बोलावून काय, "तारखेक गैरहजर रवलंय. वरनाच वॉरंट इला तर तू जामीन रव." मी हसले आणि रडले एकदमच. मग माझा हात धरलास. "काय सांगणार होतंस गो आत जाऊन?"

काकी, मी तेव्हा सांगायला पाहिजे होतं. मला वाटलं आता हिला त्रास नको. मी बोलले, आधी बरी हो, मग कोर्टातच ऐक.

तू हसलीस. "माका पण तारीख देतंस?"

सकाळी गेलीस.

रोज तेच वाक्य कानात येतं. भांडी घासताना येतं, म्हातारीला भरवताना येतं. पण येतं ते तुझ्या आवाजात येतं ना, हसत, म्हणून मला धड रडता पण येत नाही.

मग शेवटची तारीख आली. तू नाहीस आणि तारीख आहे. आम्ही तिघं गेलो, म्हातारीला घेऊन. वकिलांनी तुझ्या मृत्यूचा दाखला पुढे केला. मॅडमनी बघितलं, मान वर करून आमच्याकडे बघितलं, बोलल्या आरोपी मयत, प्रकरण बंद. बस. एवढी वर्षं, आणि ह्याला वडापाव खाण्याएवढा पण वेळ नाही. शिपायाने पुढचं नाव पुकारायला तोंड उघडलं.

आणि माझा हात वर गेला. माझाच. मी घाबरून त्याच्याकडे बघतेय.

मॅडम बोलल्या, काय आहे?

"मॅडम मला साक्ष द्यायची होती."

"आता गरज नाही बाई. आरोपी राहिली नाही, केस संपली."

"पण मग ती निर्दोष का मॅडम?"

मॅडम थांबल्या. एवढे गठ्ठे समोर, तरी थांबल्या. मग हळू बोलल्या, "ते आता मला लिहिता येत नाही. घरी जा. बाळ रडतंय तुझं." त्यांचा राग नाही आला मला. त्यांना माझ्याशी अजून बोलायचं होतं असं वाटलं, पण मागे रांग होती.

बाहेर आलो. पिंपळाखाली तीच माणसं, तोच टायपिंगवाला. तुझा नारळ माझ्या पिशवीत होता. नित्याने त्या दिवसापासून देवाजवळ ठेवला होता तो, मी सकाळी गुपचूप घेऊन आलेले. नित्या बोलला दे, मी घालतो गाऱ्हाणं. हात जोडले त्याने, बा देवा म्हाराजा बोलला आणि पुढे त्याच्या तोंडातून शब्द येईना. नुसता उभा. खांदे हलतायत.

मग मी नारळ घेतला. तुझ्यासारखी मालवणी मला कुठे येते, अर्धी घाटी अर्धी मुंबईची. पण बोलले. बा देवा म्हाराजा, ही इंदुमती रोज तुझ्या दारात येत होती, आज नाय. तिच्या वतीने मी सांगतेय. तिने माझ्या आईला मारूक नाय. विळी नव्हतीच. फडकं सुटलं आणि आई टाकीवर पडली, मी टाकीमागे होते, मी माझ्या डोळ्यांनी बघितलं. जा काय खरा ता मी सांगितलं म्हाराजा, ता मान्य करून घे.

आणि मी थांबले, कारण इथे मागच्यांनी बोलायचं असतं.

कोणी बोललं नाही. काकी, कोणीच नाही. टायपिंगवाला आईकडे बघतोय, सॅंडविचवाला सुरी हातात धरून आईकडे बघतोय. सगळ्यांना माहीत ना ती कोण. मी वळून बघायचं नाही ठरवलं होतं तरी वळले. आई म्हातारीला खांद्यावर घेऊन उभी, पांढरी फटक. म्हातारी तिच्या कपाळावरच्या त्या जुन्या खुणेवर बोट फिरवतेय. मला वाटलं मी काय केलं हे, जिवंत आईला मी भर रस्त्यात उभं केलं. मला पळून जावंसं वाटलं.

मग आईचे ओठ हलले. पहिल्यांदा आवाजच आला नाही. दुसऱ्यांदा आला, तो पण तिच्या सातारी हेलात.

"व्हय म्हाराजा."

आणि मग सगळे! टायपिंगवाला, सॅंडविचवाला, झेरॉक्सचा भैया, आईस्क्रीमची गाडी लावणारा, सगळे एकदम, व्हय म्हाराजा! असा आवाज झाला की गेटवरचा तुझा दुश्मन वॉचमन बाहेर आला बघायला. मी नारळ आपटला. पहिल्याच फटक्यात फुटला, आत पांढराशुभ्र, पाणी उडालं म्हातारीच्या तोंडावर आणि ती अशी खिदळली, अगदी तुझ्यासारखी, अख्खं अंग हलवून.

घरी येईपर्यंत आई रिक्षात म्हातारीचं तोंड पदराने पुसत बसली. मधे तुझी जागा सोडून बसलो होतो आम्ही, आपोआपच. चाळीच्या तोंडाशी उतरताना तिने नित्याला विचारलं, ती विळी अजून तिथेच पडलीय का रे? नित्या बोलला हो, मुद्देमाल म्हणून जमा आहे, अर्ज केला तर मिळेल परत. आई बोलली अर्ज कर, मी येते घ्यायला. माझ्यामुळेच गेली होती ना ती, मीच आणते.

आली काकी तुझी विळी. चकती गंजली होती. आई स्लॅबवर बसून चिंचेने घासत बसली दुपारभर. आणि वर वाऱ्याला कोणाचा तरी जवळा वाळत घातलेला होता, तर तिने उठून त्याच्या फडक्याला चारी कोपऱ्यांवर दगड ठेवले.

कधी कधी माझ्याकडे बघते ती, आणि मला कळत नाही की रागावलीय की मोकळी झालीय. विचारायची हिंमत नाही होत. पाठीत बोट घालायला तू नाहीस ना.

म्हणून आता तुम्हालाच विचारते, जे हे वाचताय त्यांना. केस संपली होती. मॅडम बोलल्या गरज नाही. मी गप्प घरी आले असते तर कोणी काही बोललं नसतं, आई पण सुखाने राहिली असती. पण गेली ती माझी आणि उभी होती ती पण माझीच, आणि हातात तो नारळ. खरं सांगा, तुम्ही काय केलं असतं?